इंद्रियं बदलणारं आश्रयस्थान कसं रचावं: काल्पनिक विश्वात नव्याने उतरलेल्यांसाठी

काल्पनिक विश्व रचायला बसलेला माणूस कधी ना कधी एक अद्भुत मंदिर बांधतोच. आत पाऊल टाकलं की रंग ऐकू येतात, आवाजांना वास येतो, भिंती श्वास घेतात. लिहिताना हात थांबत नाही, पण वाचणारा दुसऱ्या परिच्छेदातच पानं उलटायला लागतो. माझं पहिलं मंदिर याच जातीचं होतं. सात दालनं, प्रत्येक दालनात एक नवं इंद्रिय. वाचून झाल्यावर एका मैत्रिणीने एवढंच विचारलं, "इथे झाडतं कोण?" मला उत्तर देता आलं नाही. झाडणाऱ्याला तिथे झाडू दिसेल की ऐकू येईल, याचा मी विचारच केला नव्हता.

तेव्हापासून मी उलट्या बाजूने सुरुवात करायला शिकलो. आधी माणसाची गरज, मग शरीर, मग दगडमाती आणि सगळ्यात शेवटी जादू. कादंबरी असो, कथा असो किंवा मित्रांसोबत खेळायचा भूमिका-खेळ, क्रम हाच ठेवा. समजायला सोपं जावं म्हणून या लेखात आपण एकच स्थान पायरीपायरीने उभं करू.

पायरी १: लोक तिथे का जातात ते ठरवा

आश्रय म्हटला की प्रश्न येतो: कशापासून? ऊन, पाऊस, शत्रू यांच्यापासून वाचायला चार भिंती पुरतात. इंद्रियं बदलणारी जागा लागते ती अशा गोष्टीपासून वाचायला, जी माणूस स्वतःसोबत आत घेऊन येतो. आठवण, राग, भीती, सवय.

आपलं उदाहरण घेऊ. एका नदीवर दोन गावं आहेत, वरचं आणि खालचं. पाण्यावरून पिढ्यान्‌पिढ्या भांडण. या लोकांची जीभ तिखट, शब्दाला शब्द वाढतो आणि तिसऱ्या वाक्याला सुरा निघतो. त्यांना काय हवं? जिथे जीभ चालणारच नाही अशी जागा. बोलायला बंदी नको, कारण बंदी मोडता येते. बोलणंच जमू नये.

या जागेला आपण 'थबक' म्हणू. दोन्ही गावांत भांडण हाताबाहेर जायला लागलं की म्हातारी माणसं म्हणतात, "चला, थबकेला चला." नाव असं ठेवावं की ते लोकांच्या तोंडात बसेल. पाच अक्षरी, तीन जोडाक्षरांची गूढ नावं लेखकालाच आवडतात, गावकरी ती आठवड्याभरात तोडून टाकतील.

एक कसोटी लावून बघा. इंद्रियांवरचा परिणाम काढून टाकला तरी लोक तिथे जातच राहणार असतील, तर तो परिणाम नुसता रंगरंगोटीचा आहे.

पायरी २: द्यायच्या आधी काढून घ्या

नवखा लेखक पात्रांना जास्तीचं काहीतरी देतो, तिसरा डोळा, दैवी श्रवण वगैरे. अडचण अशी की वाचकाकडे तो डोळा नसतो. काढून घेण्याचा अनुभव मात्र प्रत्येकाने घेतलेला असतो. सर्दीत चव गेलेली असते, दिवे गेलेले असतात, पाय मुंग्या येऊन बधिर झालेला असतो. शिवाय जे काढून घ्याल ते मेंदू स्वतःच भरायला लागतो आणि त्याने भरलेलं बहुधा तुमच्या कल्पनेपेक्षा विचित्र निघतं.

याचे पुरावे खऱ्या जगात भरपूर आहेत. नजरेसमोर सगळीकडे एकसारखा, कडा नसलेला उजेड ठेवला तर काही मिनिटांत दिसणंच विरून गेल्यासारखं वाटतं आणि काहींना तिथे नसलेल्या आकृती दिसू लागतात. जर्मन मानसशास्त्रात याला 'गान्झफेल्ड' म्हणतात, म्हणजे संपूर्ण क्षेत्र. प्रतिध्वनी पूर्ण शोषून घेणाऱ्या खोलीत बसलं की स्वतःच्या छातीतले ठोके आणि श्वास ऐकू येऊ लागतात. १९६२ मध्ये फ्रेंच भूगर्भशास्त्रज्ञ मिशेल सिफ्र घड्याळ न घेता आल्प्समधल्या एका गुहेत दोन महिने राहिले. १४ सप्टेंबरला बाहेर आले तेव्हा त्यांच्या हिशेबाने तारीख होती २० ऑगस्ट. गुहेने त्यांच्यावर कुठलाही मंत्र टाकला नव्हता. फक्त सूर्य काढून घेतला होता आणि तेवढ्यावर पंचवीस दिवस हरवले.

काय काढायचं ते ठरवताना पाच इंद्रियांच्या यादीत अडकू नका. पाचांची मोजणी फार जुनी आहे, ॲरिस्टॉटलपासून चालत आलेली. शरीराला त्याशिवाय तोल कळतो, डोळे मिटूनही आपला हात कुठे आहे ते कळतं, ऊब-गारवा कळतो, भूक कळते, किती वेळ गेला तेही अंदाजाने कळतं. कथेसाठी ही दुर्लक्षित इंद्रियं जास्त कामाची, कारण त्यांच्यावर इतरांनी फारसं लिहिलेलं नसतं.

थबकेत आपण काय काढणार? जरा आडवळणाचं उत्तर आहे. बोलताना आपण स्वतःचा आवाज सतत ऐकत असतो आणि त्या आधारावर जीभ पुढे चालते. हा आधार आपण हलवणार. काढणार नाही, थोडा मागे सरकवणार.

पायरी ३: शरीराचे नियम हाताशी ठेवा

सगळं शरीरशास्त्र शिकायची गरज नाही. ज्या इंद्रियाशी खेळणार त्याच्या दोन-तीन सवयी नीट माहीत असल्या की पुरे.

डोळ्यांची मोठी सवय म्हणजे त्यांना वेळ लागतो. उजेडातून काळोखात गेल्यावर पूर्ण सरावायला अर्धा तास लागू शकतो आणि एखादी मशाल समोरून गेली की ही कमाई बघता बघता वाया जाते. मंद उजेडात काम करणाऱ्या पेशींना गडद लाल प्रकाश जवळजवळ जाणवत नाही, म्हणून लाल दिव्याने काळोखाची सवय फारशी मोडत नाही. याच पेशी डोळ्याच्या अगदी मध्यभागी नसतात. त्यामुळे फिकट तारा थेट बघितला की नाहीसा होतो आणि किंचित बाजूला बघितलं की दिसतो. या एका गोष्टीवर एक आख्खा पंथ उभा राहू शकतो: देवाकडे सरळ बघायचं नाही, कारण सरळ बघितलं तर तो खरंच दिसत नाही. एकाच पिवळ्या रंगाच्या शुद्ध प्रकाशात, सोडियमच्या दिव्याखाली असतो तशा, बाकीचे सगळे रंग मरतात. ओठ, रक्त, पानं, सगळं पिवळ्या-करड्या छटांचं. दोन घराण्यांचे झेंडे तिथे ओळखता येणार नाहीत.

कानांबद्दल पुढच्या पायरीत सविस्तर येईलच, कारण आपलं स्थान कानांचंच आहे.

नाकाची सवय उलटी. ते काही मिनिटांत थकतं आणि सततचा वास जाणवेनासा होतो. "गाभाऱ्यात तीन दिवस चंदनाचा घमघमाट जाणवत राहिला" असं लिहिलंत तर ते चूक. वास जाणवतो तो आत शिरताना आणि बाहेर जाऊन परतताना. तिथल्या पुजाऱ्याला आपल्या मंदिराचा वास ठाऊकच नसतो.

जिभेसाठी निसर्गानेच जादू करून ठेवली आहे. गुडमार नावाच्या वेलीची पानं चघळली की काही काळ गोड चव कळत नाही, साखर वाळूसारखी लागते. पश्चिम आफ्रिकेतलं एक लाल फळ याच्या उलट करतं, ते खाल्ल्यावर आंबट पदार्थ गोड लागतात. दोन्हींचा असर साधारण अर्धा तास ते तासभर. अशा परिणामाचा फायदा आणि धोका एकच: तो इमारतीबाहेर खिशातून नेता येतो.

स्पर्शाचे जुने खेळ अजून चालतात. एक हात गरम पाण्यात, दुसरा गार पाण्यात ठेवून मग दोन्ही कोमट पाण्यात घातले तर एकच पाणी एका हाताला थंड आणि दुसऱ्याला ऊन लागतं. इंग्रज तत्त्वज्ञ जॉन लॉकने सतराव्या शतकात हे मांडलं होतं. मधलं बोट तर्जनीवर चढवून दोन्ही टोकांमध्ये एक गोटी फिरवली तर दोन असल्यासारख्या वाटतात, हे तर ॲरिस्टॉटलनेच लिहून ठेवलंय. बोटाच्या टोकाला दोन मिलिमीटरवरचे दोन टोचे वेगळे कळतात, पाठीवर त्यासाठी सुमारे चार सेंटिमीटर अंतर लागतं. म्हणजे भिंतीला पाठ लावून वाचायचा शिलालेख हवा असेल तर अक्षरं हातभर कोरावी लागतील.

तोलाचं थोडक्यात: काळोखात संथ, एकसारख्या गतीने फिरणाऱ्या माणसाला अर्ध्या-पाऊण मिनिटात फिरणं जाणवेनासं होतं. थांबवलं की उलट्या दिशेने फिरल्यासारखं वाटतं. कानातल्या नळ्यांमधल्या द्रवाचा हा खेळ. थांबणं म्हणजेच फिरणं, असं मानणारे साधू हवे असतील तर इथे सापडतील.

पायरी ४: मोजा, मग बांधा

ही पायरी बहुतेक जण गाळतात. माझ्या मते स्थान खरं वाटायला लागतं ते इथेच.

स्वतःचा आवाज साधारण एक पंचमांश सेकंद उशिरा कानावर आला की बहुतेकांची जीभ अडखळते. अक्षरं लांबतात, पुन्हा पुन्हा येतात, वाक्य मध्येच तुटतं. प्रयोगशाळेत हे कानाला आवाजाची यंत्रं लावून करतात. आपल्याकडे यंत्र नाही, कडा आहे. हवेत आवाज सेकंदाला सुमारे ३४३ मीटर जातो. एक पंचमांश सेकंदात ६८ मीटर, म्हणजे जाऊन यायला भिंत ३४ मीटरवर हवी. थबकेचं पहिलं माप मिळालं.

आता भिंतीचा आकार. सपाट भिंतीवरून आवाज विखुरतो. आतून वाटीसारखी गोल असेल तर गोलाच्या केंद्रावर उभ्या असलेल्या माणसाचा आवाज त्याच्याच कानांशी परत गोळा होतो. मग थबक म्हणजे नदीकाठचा एक कडा, पाण्याने वाटीसारखा कोरलेला, आणि त्याच्यासमोर ३४ मीटरवर एक दगड. दोन पावलं बाजूला झालं की परिणाम ओसरतो. म्हणून भांडणाऱ्या दोघांना त्या एकाच दगडावर, खांद्याला खांदा लावून उभं राहावं लागतं. हे मी आधी ठरवलं नव्हतं, भूमितीने दिलं. मोजायला लागलं की अशा गोष्टी आपोआप हातात पडतात.

प्रतिध्वनी एकच हवा, गर्दी नको. विजापूरच्या गोलघुमटात, १६५६ च्या सुमाराच्या त्या इमारतीत, एक टाळी अनेकदा परत येते आणि गॅलरीत भिंतीशी कुजबुजलेलं पलीकडच्या बाजूला ऐकू येतं. अद्भुतच आहे, पण आपल्या कामाचं नाही. स्कॉटलंडमधल्या इंचिनडाउनच्या जमिनीखालच्या तेलटाक्यांत खालच्या पट्टीतला आवाज ११२ सेकंद रेंगाळल्याची नोंद आहे. तिथे शब्दांचा नुसता गुंजारव होईल, आणि शब्दच नकोसे झालेल्या लोकांसाठी तसलं स्थान वेगळं रचता येईल. माल्टामधल्या हाल सफ्लिएनीच्या भूमिगत दफनस्थळात ११० हर्ट्झच्या आसपासचा खर्जातला पुरुषी आवाज खोली घुमवतो. प्रत्येक जागेचा स्वभाव वेगळा. थबकेला मात्र एकच स्वच्छ परतफेड पाहिजे, म्हणून बाकीच्या तिन्ही बाजू उघड्या आणि पायाखाली आवाज पिणारं जाड शेवाळ.

आणि आता जादू. खऱ्या कड्यावरून परत येणारा आवाज क्षीण असतो. शिवाय आपला आवाज हाडांतून थेट कानात पोहोचतोच, त्यामुळे जीभ अडखळायला तो पुरणार नाही. एवढी एकच फट जादूने भरायची: हा कातळ ऐकलेला आवाज न गिळता तेवढाच्या तेवढा परत करतो. बस. जादूला एकच काम द्यावं आणि तेही जिथे निसर्ग चार बोटं कमी पडतो तिथे. दुसरं काम दिलंत की वाचक तिसऱ्याची वाट बघायला लागतो आणि संकट आलं की म्हणतो, "मग कातळ काहीतरी करेलच की."

पायरी ५: उंबरा लांब ठेवा

दार उघडलं आणि जग बदललं, हे चित्रात चालतं. शरीर एवढ्या लवकर बदलत नाही. त्याला चालत जायला वाट हवी असते. पेरूच्या अँडीजमधल्या चाव्हीन दे ह्वांतार या सुमारे तीन हजार वर्षं जुन्या देवस्थानात अरुंद, काळोख्या, वळणावळणाच्या दगडी गॅलऱ्या आहेत आणि २००१ मध्ये तिथे शंखांच्या वीस तुताऱ्या सापडल्या. त्या वळणांवरून, आवाज नक्की कुठून येतोय हे न कळता चालणाऱ्या माणसाची गाभाऱ्याशी पोहोचेपर्यंत काय अवस्था होत असेल, याची कल्पना करा.

तुमच्या उंबऱ्यावर किती वेळ जातो ते लिहून ठेवा. काळोखाचं स्थान असेल तर अर्धा तास. वासाचं असेल तर उंबराच खरा गाभारा, कारण आत गेल्यावर नाक थकणारच. थबकेला जाताना नदीच्या खळाळाजवळून चालत यावं लागतं, इतक्या जवळून की सोबतच्याचं बोलणं ऐकू येत नाही. मग वळण येतं, खळाळ कड्याआड जातो आणि एकदम शांतता. त्या शांततेत उच्चारलेला पहिला शब्द अंगावर येतो.

बाहेर पडणं विसरू नका, ते तर जवळजवळ सगळेच विसरतात. १८९० च्या दशकात जॉर्ज स्ट्रॅटन या अमेरिकन मानसशास्त्रज्ञाने जग उलटं दाखवणारी भिंगं डोळ्याला लावून आठ दिवस काढले. हळूहळू त्याला त्यात वावरता यायला लागलं. पण भिंगं काढल्यावरही काही तास सगळं चमत्कारिकच वाटत राहिलं. आश्रयस्थानाची किंमत अनेकदा परतीच्या वाटेवर चुकवावी लागते. थबकेहून परतलेली माणसं दिवसभर शब्दांनंतर जरा थांबतात, उत्तर येईल म्हणून. गावात लगेच ओळखू येतं कोण जाऊन आलंय.

पायरी ६: कोणावर चालत नाही?

आता तुमच्या स्थानात वेगवेगळी माणसं पाठवून बघा. आंधळा, बहिरा, तान्हं मूल, गवई, चोर, कुत्रा. काळोखाच्या मंदिरात आंधळी व्यक्ती सगळ्यात सराईत असेल. वासाच्या मंदिरात सर्दी झालेला चोर बिनधास्त फिरेल. नियम कोणावर तुटतो हे शोधलं की कथा तिथेच बसलेली सापडते.

थबकेवर बहिऱ्या माणसाला काहीच होत नाही. त्यामुळे दोन्ही गावं एकमेकांवर बहिरे वकील आणल्याचा आरोप करत असणार. गाणाऱ्यावर परिणाम कमी होतो, म्हणून काही हुशार लोक आपली तक्रार ओवीत बसवून आणतात. अक्षर न्‌ अक्षर ओढून, सावकाश बोललं तरी निभावतं, पण असं सावकाश बोलताना शिवी देऊन बघा. धार राहत नाही.

आणि सगळ्यात महत्त्वाचं म्हणजे, जे एरवी बोलताना अडखळतात त्यांच्यातल्या काहींचं बोलणं उशिरा परतणाऱ्या आवाजाने उलट सुधारतं. हा परिणाम खरा आहे, उपचारातही वापरला गेला आहे. म्हणजे ज्या मुलीला गावात कोणी वाक्य पूर्ण करू दिलं नाही, ती त्या दगडावर उभी राहून सलग बोलते आणि तिच्या शेजारचा फर्डा वक्ता 'प-प-पाणी'च्या पुढे जात नाही. थबकेची राखणदार कोण असेल हा प्रश्न इथेच सुटला. तिला गावात परतायला का आवडत नाही, हेही कळलं.

झाडण्याचा प्रश्नही इथेच सोडवून घ्या. दगडाभोवतालची पानं ती राखणदारच झाडते. झाडूचा प्रत्येक फटकारा परत येतो, म्हणून ती दोन फटकाऱ्यांच्या मध्ये परतीची जागा ठेवते. लांबून ऐकणाऱ्याला वाटतं, दोघी झाडतायत.

पायरी ७: पानावर उतरवा

विशेषणं बाजूला ठेवा. 'अलौकिक', 'गूढ', 'शब्दातीत' हे शब्द म्हणजे लेखकाने टेकलेले हात. पात्र काहीतरी साधं काम करत असू दे आणि ते काम बिघडताना दाखवा. हिशेबाची आकडेमोड तुमच्या वहीत राहू दे. पानावर ३४ मीटर लिहायचे नाहीत, "हाकेच्या अंतरावर" एवढं पुरे. इंद्रियांची सरमिसळ, म्हणजे आवाजाला रंग वगैरे, नवख्याने पहिल्या स्थानात करूच नये असं माझं मत आहे. नीट जमायला फार कष्ट पडतात आणि न जमलेली लगेच दिसते.

थबकेचा एक तुकडा असा होऊ शकतो:

"बोल," राखणदार म्हणाली. तो दगडावर चढला. खालचा आधीच तिथे होता, त्याच्या दंडाची ऊब लागत होती. सात पिढ्यांचं पाणी त्याने वाटभर घोकलं होतं. "आम्ही," तो म्हणाला, आणि कोणीतरी त्याच्याच आवाजात म्हणालं, आम्ही. "आम्ही-मी-आ..." त्याने तोंड मिटलं. शेजारच्याचा दंड हलला. तो हसतोय की काय, म्हणून त्याने मान वळवली. खालचा हसत नव्हता. त्याचेही ओठ उघडून तसेच राहिले होते.

कड्याचं वर्णन नाही, प्रतिध्वनी हा शब्दही नाही. तरी काय झालं ते कळतं.

नवा मसुदा मी त्याच मैत्रिणीला दिला. झाडण्याचा भाग वाचून ती मान हलवत होती, म्हणजे आवडलं असावं. मग म्हणाली, "पाऊस पडला की तिथे काय होतं?" कड्यावर आपटणारा एकेक थेंब, प्रत्येक थेंब दोनदा, आणि त्या सगळ्यांत बुडालेला आवाज. पावसाळ्यात थबक चालतच नसणार. पाण्यावरून भांडणाऱ्या गावांचं ऐन पावसाळ्यात काय होत असेल, ते आता लिहायला घेतलंय.